आठ नंबरचा खिसा

बहारीनमधल्या आमच्या कॉलेजात सध्या एका भिंतीचं काम चालू आहे. मैदानाकडे जाताना जी लांब भिंत लागते तिच्यावर मुलींच्या फुटबॉल स्पर्धेचा सगळा इतिहास लावणार आहेत. कोणत्या वर्षी कोण जिंकलं, टीममध्ये कोण कोण होतं, पहिला चषक, जुने फोटो. त्यासाठी ऑफिसातली एक केरळची मुलगी फोन घेऊन माझ्या लाँड्रीत आली. म्हणाली, "आंटी, पहली टूर्नामेंट से आप ही हो. कुछ बोलो ना."

मी काय बोलणार? चार माणसांसमोर मला नीट बोलता येत नाही. तरी उसन्या जर्सीची गोष्ट सांगितली. एका वर्षी सनाबिसकडच्या कॉलेजची टीम आली, त्यांचा रंगही लाल आणि आमचाही लाल. अशा वेळी एका टीमने कपडे बदलायचे असतात, म्हणून प्रत्येक टीमने दोन रंगांचे जोड आणायचे असा नियम आहे. त्या दुसरा जोड विसरून आल्या. आमच्या कोच मॅडमनी मोठ्या मनाने आमच्या जुन्या पांढऱ्या जर्सी त्यांना घालायला दिल्या. मी स्वतः इस्त्री केलेल्या. त्या घालून त्यांनी आम्हाला चार गोल घातले, आणि जर्सी न धुता परत दिल्या. ती मुलगी खूप हसली, फोन बंद केला आणि गेली.

जे सांगितलं नाही ते इथे लिहिते आहे. लाँड्रीच्या जुन्या रजिस्टरमध्ये मागची पानं कोरी आहेत, त्यावर. माझं शिक्षण चौथी, मुरूडजवळच्या आमच्या गावातल्या शाळेत. चुका असतील. कुणी वाचावं म्हणून हे लिहीत नाही. ही वही वाचू शकेल अशी या कॉलेजात एकच बाई आहे, आणि हे सगळं तिच्याबद्दलच आहे.

आधी माझं काम काय ते लिहिते. मी टीमचे कपडे धुते. लोकांना वाटतं मशीनमध्ये टाकले की झालं. तसं नसतं. मैदानावरचं गवत खोटं असतं, त्यात रबराचे काळे दाणे पसरलेले असतात. ते मोज्यांत, बाह्यांत, सगळीकडे शिरतात. कपडे आधी उलटे करून झटकले नाहीत तर मशीन तुंबतं. रक्ताचा डाग गार पाण्यातच काढायचा, गरम पाणी लागलं की तो कायमचा बसतो. ज्या मुली डोकं झाकून खेळतात त्यांच्या खेळायच्या स्कार्फला टाचणी नसते, ते घट्ट बसणारे असतात. ते वेगळे धुवावे लागतात, नाहीतर सैल होतात आणि हेडर मारताना सरकतात. पहिल्या वर्षी तर जर्सी पुरुषांच्या मापाच्या आल्या होत्या. सगळ्या मी हाताने आत घेतल्या. त्या वर्षी आम्ही नऊ गोलांनी हरलो, पण एकीचीही जर्सी उसवली नाही.

कपड्यांबरोबर कार्डं सांभाळायचं कामही माझ्याकडे आलं. सीपीआर म्हणजे इथलं ओळखपत्र, ते सगळ्यांकडे असतं. स्पर्धेत प्रत्येक सामन्याआधी आयोजकांच्या टेबलावरच्या बाई प्रत्येकीचं कार्ड बघतात, चेहरा बघतात, मगच खेळू देतात. मुली कार्ड विसरायच्या, हरवायच्या. म्हणून कोच मॅडमनी पद्धत पाडली की मावशीला, म्हणजे मला, कार्ड द्यायचं आणि मावशीकडून जर्सी घ्यायची. सामना झाला की जर्सी द्यायची आणि कार्ड घ्यायचं. इंग्रजी नावं मला वाचता येत नाहीत, आकडे येतात. म्हणून मी जुन्या पडद्याच्या जाड कापडाचा एक खिशांचा पडदा शिवला. वीस खिसे, प्रत्येकावर लाल दोऱ्याने आकडा. सात नंबरची जर्सी दिली की सात नंबरच्या खिशात कार्ड. पडद्याची गुंडाळी करून मी ती मैदानावर न्यायची आणि टेबलावरच्या बाईंसमोर उलगडायची. दुसऱ्या कॉलेजच्या कोच येऊन त्याचा फोटो काढायच्या. एकदा मी सगळ्यांच्या देखत म्हणाले होते, "मेरा परदा कभी गलती नहीं करता." इतक्या माणसांत मी आपणहून बोलले ते तेवढंच.

नाझनीनचा नंबर आठ.

ती श्रीवर्धनकडची. घर बुसैतीनला. वडील जहाजाच्या कंपनीत कारकून. टीममध्ये बहारिनी मुली, इजिप्तच्या, पाकिस्तानच्या, केरळच्या. माझ्याशी मराठीत बोलणारी ती एकटीच. लाँड्रीच्या दारातूनच ओरडायची, "मावशी, चाय हाय का गो?" चहा झाला की कोपऱ्यातल्या इस्त्रीवर स्वतःची जर्सी स्वतः इस्त्री करायची. मी केलेली इस्त्री तिला पटायची नाही.

"कॉलर बघ, कशी झोपलीय."

"खेळताना कॉलर कोण बघतंय?"

"मी बघते ना."

पहिल्या वर्षी नऊ गोलांनी हरलेल्या टीममध्ये ती होती. दुसऱ्या वर्षी उपांत्य फेरीत हरलो, तिसऱ्या वर्षी पुन्हा उपांत्य फेरीत. चौथ्या वर्षी, म्हणजे तिच्या शेवटच्या वर्षी, आम्ही अंतिम सामन्यात पोचलो. तिचे वडील फुटबॉलला नाही म्हणायचे नाहीत, पण कधी बघायलाही आले नव्हते. या वेळी ते येणार होते. आठ दिवस ती दुसरं काही बोलत नव्हती.

सामन्याच्या आदल्या दिवशी मी खिशांचा पडदा धुवायला काढला. अंतिम सामना, सगळे बघणार, पडदा स्वच्छ हवा. दुपारी नाझनीन आली. जर्सी आधीच घेऊन इस्त्री करायची होती. तिने कार्ड चहाच्या कपाशेजारी ठेवलं. "हे घे गो, हे ठेवलं," म्हणाली आणि पाठ करून इस्त्रीला लागली. पडदा टबात होता. शेजारी बिस्किटाचा रिकामा डबा होता, त्यात ठेवता आलं असतं. पण तिचं कार्ड मला डब्यात टाकावंसं वाटलं नाही. मी ते माझ्या बटव्यात ठेवलं, माझ्या नवऱ्याच्या फोटोशेजारी, आणि बटवा कामाच्या कोटाच्या खिशात. दुसऱ्या कुणाचं असतं तर डब्यातच टाकलं असतं.

सकाळी पडदा अजून दमट होता. बाकीच्या सतरा जणींची कार्डं मी नंबराप्रमाणे लावून, रबर घालून त्या डब्यातच ठेवली. तेवढ्यात कोच मॅडम आल्या. त्या ट्युनिशियाच्या, मोडकंतोडकं हिंदी बोलायच्या. त्यांनी माझ्यासाठी नवं लाल जॅकेट आणलं होतं, पाठीवर कॉलेजचं नाव. "तुम भी टीम. पहनो. यल्ला!" मला असं कधी कुणी काही दिलं नव्हतं. मी कामाचा कोट काढून खिळ्याला लावला, जॅकेट घातलं आणि आरशात दोनदा बघून बसमध्ये बसले.

सामना अमवाजच्या बाजूला होता. टेबलावरच्या बाईंनी कार्डं मोजली. सतरा.

"नंबर एट?"

माझा हात आपोआप कमरेकडे गेला. तिथे जॅकेटची चेन होती. बटवा लाँड्रीत खिळ्याला होता. मला त्याच क्षणी सगळं कळलं. नंतर आठवलं असं झालं नाही, हे मी मुद्दाम लिहून ठेवते.

कोच मॅडमनी नाझनीनकडे बघितलं. ती म्हणाली, "मी काल मावशीला दिलं." मग माझ्याकडे वळून मराठीत, "मावशी, काल दिलं ना मी? चहाच्या वेळी?"

मॅडमनी मला विचारलं, "शी गेव्ह यू?"

सतरा मुली बघत होत्या. टेबलावरच्या बाई बघत होत्या. ज्या कोच माझ्या पडद्याचा फोटो काढायच्या त्याही तिथेच उभ्या होत्या. आणि अंगात ते नवं जॅकेट.

मी म्हणाले, "नो, मॅडम."

मला इंग्रजी येत नाही, पण तेवढं आलं.

नोकरीची भीती वाटली असं मी पुढे कित्येक दिवस स्वतःला सांगत होते. ते खरं नाही. कॉलेजने मला एका कार्डासाठी काढलं नसतं. मॅडम चिडल्या असत्या आणि दहा मिनिटांत विसरल्या असत्या. मला फक्त त्या सगळ्यांसमोर चुकलेली बाई व्हायचं नव्हतं.

टेबलावरच्या बाई वाईट नव्हत्या. त्यांनी नियम सांगितला. कार्डाशिवाय सुरुवातीला खेळता येणार नाही, पण मध्यंतरापर्यंत कार्ड आणलं तर दुसऱ्या भागात खेळता येईल. आमच्या बसचा ड्रायव्हर लगेच पुढे आला. "मैं कॉलेज जाके आऊं? अभी रास्ता खाली है." लाँड्रीची किल्ली माझ्या हातात होती. मी ती मुठीत धरून उभी राहिले. मॅडम म्हणाल्या, "कॉलेज मफी, घर में होगा." मफी म्हणजे नाही. नाझनीनने बॅग घाईघाईने चाचपली आणि घरी फोन लावला. तिचे वडील सामन्याला निघाले होते, ते अर्ध्या वाटेवरून परत फिरले. त्यांनी आणि तिच्या भावाने कपाट उपसलं, गाद्या उलट्या केल्या. ती फोनवर सांगत होती, "अब्बा, टेबलाच्या खणात बघा. नाही? मग माझ्या निळ्या कोटात." त्यांना नसलेल्या जागी शोधायला लावत होती, आणि असलेली जागा मला ठाऊक होती, ती मी बोलत नव्हते. पहिला भाग संपेपर्यंत माझ्याकडे वेळ होता. पाच-पाच मिनिटांनी मी मनात म्हणायचे, आता सांगते. मग मध्यंतराची शिट्टी झाली.

तिचे वडील दुसऱ्या भागात पोचले. त्यांनी तिला बाकाच्याही मागे, प्रेक्षकांच्या खुर्चीवर बसलेली बघितली. ते तिच्या शेजारी बसले आणि तिच्या पाठीवर हात ठेवून उरलेला सामना बघितला.

आम्ही जिंकलो. तिच्या जागी खेळलेल्या मुलीने गोल केला. सगळ्याजणी एकमेकींच्या अंगावर पडल्या, नाझनीनही पळत गेली, टाळ्या वाजवत होती. पण चषकाबरोबर फोटो काढताना ती आली नाही. "मी खेळले नाही ना," म्हणाली. तिने जर्सी घडी करून माझ्या हातात दिली. कॉलर ताठ होती. कोरी जर्सी होती, तरी मी ती बाकीच्यांबरोबर धुतली. न धुता कपाटात ठेवायची हिंमत झाली नाही.

आता याहून वाईट लिहायचं आहे.

कॉलेजात परत आल्यावर हॉलमध्ये केक कापत होते. मुलींच्या बॅगा कपडे बदलायच्या खोलीत होत्या. मी लाँड्रीत गेले, कोटातून बटवा काढला, कार्ड काढलं. त्या खोलीत जाऊन नाझनीनच्या बॅगेची आतली छोटी चेन उघडली आणि तिच्या कंगव्याखाली कार्ड सरकवलं. चेन परत लावली. बाहेर मुली गात होत्या. मग मी हॉलमध्ये जाऊन केक खाल्ला.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती लाँड्रीत आली तेव्हा तिचे डोळे सुजले होते. हातात हलव्याचा डबा होता, इथला केशर घातलेला, चिकट हलवा.

"मावशी, माफ कर गो मला."

"काय झालं?"

"कार्ड माझ्याच बॅगेत होतं. आतल्या चेनमध्ये, कंगव्याखाली. मैदानावर घाईत मी तिथे बघितलंच नाही. तुझ्या टेबलावरून मोबाइल उचलला ना, त्याच्याबरोबर मीच परत उचललं असणार. आणि मी सगळ्यांसमोर तुझं नाव घेतलं."

मी काहीतरी पुटपुटले. होतं असं, असं काहीसं.

"मला शपथेवर वाटत होतं मी दिलंय म्हणून. तू ते घेताना मी बघितलं नव्हतं, तरी अगदी खात्री होती." ती स्वतःच्या हाताकडे बघत होती. "असं कसं होतं गो माणसाचं?"

ती हलवा ठेवून गेली. मी तो सफाईच्या बायकांत वाटला. एका बाईने विचारलं, कशाचा? मी म्हणाले, टीम जिंकली त्याचा.

मग ती शिकून बाहेर पडली. तिचं लग्न झालं, एका बँकेत नोकरी लागली. स्पर्धाही वाढली. आधी चार कॉलेजं होती, आता जास्त आहेत. आधी सामन्याला बहुतेक बायकाच यायच्या, आता घरची सगळी माणसं येतात. रंगीत फलक लागतात. आमच्या ट्युनिशियाच्या मॅडम त्यांच्या देशात परत गेल्या. मी आहे तिथेच आहे. मला कामावरून कधी कुणी बोललं नाही. उलट एका वर्षी प्रामाणिक कामाबद्दल कागद मिळाला. तो मी ट्रंकेत तळाशी ठेवला आहे, उपडा.

गेल्या वर्षी टीमला नवी कोच आली. संध्याकाळी, बँकेतून सुटल्यावर येणारी. लाँड्रीच्या दारातून आवाज आला, "मावशी, चाय हाय का गो?"

मला आनंद झाला, हेही खरं आहे. पण पहिल्याच सामन्याला मी बघितलं. मी पडदा उलगडला. नाझनीनने कार्डं मोजली. मग पुन्हा मोजली. मग कप्तान मुलीला मोजायला लावली. मग फोनवर पडद्याचा फोटो काढला. मुली एकमेकींकडे बघून हसत होत्या. हळूहळू मला बाकीचंही कळलं. गाडीचं दार लावलं की ती फोटो काढते. घराचं कुलूप लावलं की फोटो काढते. मुलाला औषध दिलं की वेळ लिहून ठेवते, आणि लिहिलेलं बरोबर आहे का ते नवऱ्याला विचारते. मुली तिच्यासमोरच नक्कल करायच्या. "कोच, आपने नाश्ता किया? फोटो दिखाओ!" तीही हसायची.

एकदा सरावाआधी तिने मुलींना गोल बसवून सांगितलं. मी मोजे वाटत होते. "मैं फायनल नहीं खेली, क्योंकि मुझे पक्का लगा मैंने कार्ड दिया है. बिलकुल पक्का. और कार्ड मेरी बैग में था. ऊपर से मैंने मावशी का नाम लिया. तब से मैं अपनी याद पर भरोसा नहीं करती. तुम भी मत करना." सगळ्या मुलींनी माझ्याकडे प्रेमाने बघितलं. मी मोजे खाली पाडले.

इतकी वर्षं मला वाटत होतं की मी तिचा एक सामना घेतला. तो सामना तर होऊन गेला. पण ती अजून रोज कुलुपाचे फोटो काढते आहे, आणि ते माझ्यामुळे.

आणि आता ही भिंत. तिच्या वर्षीचा फोटो मी बघितला. चषक, सगळ्या मुली, कडेला लाल जॅकेटमध्ये मी. ती नाही. ऑफिसातल्या मुलीने खाली नावं लिहिण्यासाठी मला विचारलं, "इसमें कोई बाकी है?" मी म्हणाले, "आठ नंबर."

या वर्षीचा अंतिम सामना परवा झाला. त्या दिवशी सकाळी नाझनीन लाँड्रीत आली. मी चहा ठेवला. ती टीमच्या जर्सी मोजत होती, दुसऱ्यांदा. मी रात्रभर जमवलेली वाक्यं सगळी विसरले.

म्हणाले, "तू कार्ड दिलं होतंस."

"कोणतं? आजची अजून यायचीत."

"तेव्हाचं. तुझ्या फायनलचं. तू कपाशेजारी ठेवलंस, मी बटव्यात ठेवलं. बटवा इथे राहिला. या खिळ्याला." मी खिळा दाखवला. "मला तिथेच, टेबलापाशीच कळलं होतं. मी खोटं बोलले."

तिने जर्सी खाली ठेवली. "बॅगेत कसं आलं?"

"मी घातलं. तुम्ही केक कापत होतात तेव्हा."

चहा उतू गेला. मी गॅस बंद केला नाही, तिनेच केला. बराच वेळ ती त्या खिळ्याकडे बघत होती. मला वाटलं ओरडेल. ओरडली असती तर बरं झालं असतं.

"म्हणजे मी दिलं होतं," ती म्हणाली. मला विचारत नव्हती.

"दिलं होतंस."

"अब्बांनी गाद्या उलट्या केल्या होत्या गो." मग तिने डोळे पुसले. "ते वारले तोपर्यंत म्हणत होते, आमच्या नाझूला काही लक्षात राहत नाही."

मी खाली बसले. माफी मागायला तोंड उघडलं, पण तिने हात वर केला. "नको. आता नको. सामना आहे." दारापर्यंत गेली आणि मागे न बघता म्हणाली, "पडदा घेऊन या तुम्ही. बस साडेतीनला आहे."

तुम्ही. आजवर ती मला कधी तुम्ही म्हणाली नव्हती. कालही म्हणाली, आजही. चहालाही आली नाही. ते बरोबरच आहे.

पण मैदानावरचं एक लिहायचं राहिलं. मी टेबलावर पडदा उलगडला. नाझनीनने कार्डं काढून घेतली आणि मोजली. अठरा. कप्तान मुलगी सवयीने हात पुढे करून उभी होती, फोटोसाठी एकीने फोनही काढून दिला.

"नको," नाझनीन म्हणाली. "मैंने गिना है."

आणि एकदाच मोजलेली ती कार्डं तिने टेबलावरच्या बाईंच्या हातात दिली.